एका भागाची भूमिका आणि बारा महिन्यांचा संसार

तुम्ही विचारले आहे ते थोडक्यात असे: तुम्ही अमळनेरला राहता, वय तेवीस, हौशी राज्य नाट्य स्पर्धेत जळगाव केंद्रावर दोनदा काम केले आहे, आणि आता मुंबईतील एका कोऑर्डिनेटरने, म्हणजे कलाकारांना कामे मिळवून देणाऱ्या मध्यस्थाने, हिंदी क्राइम मालिकेच्या एका भागासाठी तुम्हाला विचारले आहे. भूमिका नवऱ्याला विष देणाऱ्या बायकोची आहे, काम दोन दिवसांचे आहे, आणि त्याआधी ‘आर्टिस्ट कार्ड’साठी बारा हजार रुपये भरा, असे सांगण्यात आले आहे. अशा एकेका भागाच्या भूमिका करत करत करिअर उभे राहते का, हा तुमचा प्रश्न; मुलीला एकटीला पाठवावे का, हा तुमच्या आईंचा.

मी मूळची सावद्याची. २००५ साली मुंबईला गेले आणि पुढची सोळा वर्षे मुख्यतः हेच काम केले. या काळात मी पडद्यावर किती वेळा मेले, याचा हिशेब माझ्याकडे नाही. कोणाकडून किती पैसे आले आणि किती बुडाले, याचा मात्र वहीत तारीखवार आहे. आता जळगावात राहते, अभिनयाचे वर्ग घेते आणि डबिंगसाठी अधूनमधून मुंबईला जाऊन येते.

बारा हजारांचे आधी सांगते, कारण ते लवकर आटोपणारे आहे: देऊ नका. या धंद्यात पैसा निर्मात्याकडून कलाकाराकडे येतो आणि त्यातून कोऑर्डिनेटर आपले कमिशन कापून घेतो; तो उलट्या दिशेने वाहू लागला की समोरच्या माणसाचे पोट मालिकांवर चालत नसून नवख्यांच्या आशेवर चालते, असे खुशाल समजावे. कलाकारांची ‘सिन्टा’ ही संघटना १९५८ पासून आहे, तिच्या सदस्यत्वाचा अर्ज थेट तिच्याकडेच करायचा असतो आणि ते कोऑर्डिनेटरच्या हातून विकले जात नाही. त्या गृहस्थांना एवढेच कळवा की, माझ्या मानधनातून तुमचे कमिशन वजा करून घ्या. माणूस खरा असेल तर हो म्हणेल, आणि खोटा असेल तर दुसऱ्या दिवसापासून त्याचा फोन लागणार नाही.

आता मूळ प्रश्न. सेटवर या कामाला ‘एपिसोडिक’ म्हणतात. दूरदर्शनवर १९८५ मध्ये ‘करमचंद’ आणि १९९३ मध्ये ‘ब्योमकेश बक्शी’ आले तेव्हापासूनच रचना ठरून गेली आहे: हेर कायमचा, बाकी सगळे पाहुणे. जानेवारी १९९८ मध्ये सुरू झालेल्या ‘सीआयडी’ने हीच रचना वीस वर्षे, म्हणजे ऑक्टोबर २०१८ पर्यंत चालवली आणि डिसेंबर २०२४ मध्ये ती पुन्हा सुरू झाली. शिवाजी साटम आणि त्यांचे सहकारी तेच. प्रेत, वारस, नोकर, प्रेयसी मात्र दर वेळी नवे. त्यानंतर ‘क्राइम पेट्रोल’ आणि २०१२ पासून ‘सावधान इंडिया’ अशा खऱ्या घटनांवर आधारलेल्या मालिका आल्या. त्यांत तर बहुधा निवेदकच तेवढा कायम, त्यामुळे फिर्यादीपासून आरोपीपर्यंत जवळजवळ सगळा गोतावळा दर भागाला बाहेरून आणावा लागतो. शिवाय त्या कथा बँक लुटणाऱ्या टोळ्यांपेक्षा घराच्या चार भिंतींतल्या अधिक, म्हणजे हुंडा, संशय, जमिनीची वाटणी, लग्नाच्या नावाखाली केलेली फसवणूक यांच्या. स्त्री भूमिकांची मागणी वाढली ती इथे. चांगले काम करणारी, वेळेवर येणारी आणि फार भाव न खाणारी मुलगी तेव्हा महिन्याला सात-आठ दिवस सहज काम करू शकत असे, आणि मीही केले.

तरीही या कामाची एक मोठी खोड आहे आणि ती पहिली तीन-चार वर्षे लक्षात येत नाही: ते साचत नाही. रोजच्या मालिकेतली सून दोन वर्षांत घराघरात पोहोचते आणि तिचे दर दिवसाचे पैसे वाढत जातात. तुम्ही मात्र एका भागात कितीही जीव ओतला, तरी तो भाग संपला की तुमचा चेहरा त्या मालिकेसाठी काही महिने तरी ‘वापरलेला’ ठरतो. परवा जिला विष देताना पाहिले, तिलाच प्रेक्षक लगेच पोलिसांची खबरी म्हणून कसे पाहणार? म्हणजे जिथे तुमचे काम आवडले, तिथेच तुम्हाला थांबावे लागते, आणि पुढच्या ठिकाणी पुन्हा नाव, उंची, वय सांगण्यापासून सुरुवात.

माझे वडील केळीवाले. २००९ च्या सुमारास मी फार वैतागून घरी आले होते, तेव्हा सगळे ऐकून घेऊन ते म्हणाले की, केळीचे खोडसुद्धा एकदाच घड देते आणि मग कापूनच टाकावे लागते. शेतकरी जगतो तो बुडाशी फुटलेले कोणते पील, म्हणजे कोंब, राखले त्याच्यावर. त्यांना अभिनयातले काही कळत नव्हते, पण नवती (नव्याने लावलेली बाग) आणि पिलबाग (राखलेल्या पिलांवर वाढवलेली) यांतला फरक त्यांच्याइतका कोणाला कळणार? त्यानंतर मी प्रत्येक कामावरून परतताना स्वतःला विचारू लागले की आज बुडाशी काय राहिले. कधी एखाद्या सहायक दिग्दर्शकाचा विश्वास राहिला, आणि तो पुढे स्वतः दिग्दर्शक झाल्यावर कामी आला; कधी फक्त एक बरी क्लिप राहिली, आणि पुष्कळ वेळा काहीच राहिले नाही. डबिंग मला असेच मिळाले. एका भागाचा आवाज खराब आला म्हणून स्टुडिओत बोलावले होते, तिथल्या ध्वनिमुद्रकाने माझे ओठांशी जुळवून बोलणे पाहिले आणि दुसऱ्या कामासाठी नंबर घेतला. आज माझे घर त्यावर चालते, त्या एकशे कितीतरी भागांवर नाही.

तुम्हाला आलेल्या भूमिकेकडे वळते, कारण ती वाईट नाही. क्राइम मालिकेत बाईच्या वाट्याला साधारण पाच प्रकारची कामे येतात: प्रेत, फिर्यादी, साक्षीदार, नाहक संशयित आणि खरी गुन्हेगार. नवख्या मुलींना शेवटची हवी असते, कारण तिला कबुलीजबाबाचे लांब भाषण असते. माझ्या मते सगळ्यांत अवघड आणि सगळ्यांत शिकवणारी भूमिका नाहक संशयिताची आहे. तिला एकच प्रसंग असा करावा लागतो की पहिल्यांदा पाहताना ती खोटे बोलते आहे असे वाटावे, आणि शेवट कळल्यावर तोच प्रसंग आठवला तर ती घाबरलेली होती एवढेच दिसावे. नजर चोरणे ही सोपी युक्ती झाली. ती केली की शेवट कळल्यावर प्रेक्षकाला फसवल्यासारखे वाटते. त्याऐवजी तिला दुसरी एखादी खरी लाज द्यावी. नवऱ्यापासून लपवलेले भिशीचे पैसे म्हणा, किंवा माहेरच्या भावाला परस्पर दिलेले दागिने. मग ती चौकशीत अडखळते ते खुनामुळे नाही, त्या दागिन्यांमुळे. आणि हे अडखळणे दोन्ही वेळा खरे दिसते. खऱ्या गुन्हेगाराचे उलट असते. तिने निष्पाप असल्याचा अभिनय करायचा नसतो. आपण केले ते योग्यच केले अशी तिची खात्री असते आणि म्हणूनच ती शांत असते. तुमच्या विष देणाऱ्या बाईला पहिल्या दृश्यात भेदक नजरेने पेल्याकडे पाहायला सांगतील. शक्य असेल तर विनंती करून पाहा की, ती पेल्याकडे पाहतच नाही, नवऱ्याने जेवताना मागितलेला कांदा फोडत बसते, असे करू का? बहुतेक दिग्दर्शक ऐकतात, कारण त्यांनाही तोच तो पेला दाखवून कंटाळा आलेला असतो.

संहिता मात्र आधी मिळेल अशी अपेक्षा ठेवू नका. बऱ्याचदा त्या दिवसाची पाने सकाळी मेकअपच्या खुर्चीतच हातात पडतात, आणि उद्याच्या पानांत तुम्ही गुन्हेगार आहात की नाही, हे आज कोणालाच सांगायला वेळ नसतो. म्हणून पहिल्या संधीला सहायकाला गाठून पूर्ण कथा तोंडी विचारून घ्यावी. पाठांतर जलद हवे. ‘सीआयडी’च्या चमूने २००४ मध्ये एकशे अकरा मिनिटांचा संपूर्ण भाग एकाच सलग शॉटमध्ये चित्रित केला होता, त्यात पाहुण्या कलाकारालाही चुकायची सोय नव्हती. तसा प्रसंग तुमच्यावर येण्याची शक्यता कमी, पण नाटकातून आलेल्या आपल्यासारख्यांना सलग काम सोपे जाते आणि तुकड्यांतले अवघड, हे लक्षात ठेवा.

तुकड्यांतले अवघड का, ते माझ्या एका चुकीवरून सांगते. मुंबईत मढला एका बंगल्यात चौकशीचे दृश्य होते. समोर टेबलावर पाण्याचा ग्लास. मास्टर शॉटमध्ये, म्हणजे सगळे दृश्य एकत्र दिसेल अशा शॉटमध्ये, मी ‘उस रात मैं घर पर ही थी’ हे वाक्य बोलून मग पाणी प्यायले. त्यानंतर कायम चमूतल्या कलाकारांचे क्लोज, म्हणजे चेहऱ्याचे जवळून शॉट, घेतले गेले, कारण त्यांना दुसऱ्या युनिटवर जायचे होते. पाहुण्यांचे क्लोज नेहमी शेवटी, आणि समोर अधिकारी नसतो, त्याची वाक्ये एखादा सहायक हातातल्या कागदावरून सपाट आवाजात वाचतो. रात्रीचे साडेनऊ झाले होते. माझा क्लोज इतका छान झाला की कॅमेरामननेही मान डोलावली. पण भावनेच्या भरात मी पाणी आधी प्यायले आणि वाक्य नंतर बोलले होते, तेही ग्लास डाव्या हातात धरून. संकलनात ते जुळेना. भाग लागला तेव्हा त्या वाक्यावर पडद्यावर अधिकाऱ्याचा चेहरा होता आणि माझा फक्त आंबाडा. तेव्हापासून मी संहितेच्या कडेला पेन्सिलीने लिहिते: कोणत्या शब्दावर कोणता हात.

प्रेताचे कामही कमी लेखू नका, कधीतरी करावे लागतेच. ‘ॲक्शन’च्या आधी श्वास सोडून मग रोखायचा, भरून घेऊन रोखला तर छाती ताठ दिसते. पापण्या थरथरतात त्या प्रकाशामुळे. मिटलेल्या डोळ्यांनी बुबुळे खाली, गालाकडे वळवली की थरथर थांबते. रक्त बहुधा साखरेच्या पाकात रंग मिसळून केलेले असते. आरे कॉलनीतल्या झाडाखाली मी असल्या रक्तात पाऊण तास पडून होते आणि मुंग्यांना ते माझ्याइतके नकली वाटले नाही.

भाषेबद्दल थोडे कडक बोलते, राग मानू नका. आपल्याकडच्या मुलींना हिंदी ‘येतेच’ असे वाटते, कारण भुसावळच्या फलाटावर ती कानावर पडते. पण लेवा बोलीत किंवा अहिराणीत वाढलेल्या आपल्या जिभेला ‘ळ’चा ‘य’ करण्याची जशी सवय असते, तशीच मराठी ‘च’ आणि ‘ज’ दातांशी उच्चारण्याचीही असते. मराठीतला ‘चाकू’ हिंदीत तसाच बोललात तर पहिल्याच शब्दाला कट होईल. हिंदीत तो ‘चार’मधल्या ‘च’ने बोलायचा. ‘जुर्म’मधला ‘ज’ ‘जीवन’सारखा, तर ‘ज़ुल्म’मधला ‘जमीन’च्या जवळचा, आणि या मालिकांत हे दोन शब्द पानापानावर येतात. ‘ज़हर’, ‘सज़ा’, ‘जाँच’, ‘चश्मदीद’ एवढ्या शब्दांची रोज सकाळी पंधरा मिनिटे मोठ्याने उजळणी केली, तरी महिनाभरात फरक पडतो. आपली बोली मात्र विसरू नका. एका भागात सासूबाई स्वयंपाक करतानाचे दृश्य होते आणि पोळपाट-लाटणे मांडून ठेवले होते. कथा खेड्यातली, म्हणून मी परातीत भाकरी थापून दाखवली. दिग्दर्शकाने नुसत्या हातांचे दोन क्लोज घेतले आणि माझी एका दृश्याची भूमिका चार दृश्यांची झाली. त्याचा तोटाही लगेच झाला. पुढचे वर्षभर मला फक्त कामवाल्या बाईच्याच भूमिकांसाठी फोन येत राहिले, कारण हिंदी मालिकांच्या हिशेबात मराठी बाई म्हणजे कामवालीच. सहाव्या फोनला मी नाही म्हटले. नाही म्हणता येण्यासाठी घरात तीन महिन्यांचे भाडे शिल्लक असावे लागते, आणि ते माझ्याकडे तेव्हा योगायोगाने होते.

पैशांची रीत अशी. मानधन दिवसावर ठरते, शिफ्ट बारा तासांची असते, आणि पैसे साधारणपणे नव्वद दिवसांनी खात्यावर येतात. दहा टक्के टीडीएस कापला जातो. तुमचे वार्षिक उत्पन्न करपात्र नसेल तर विवरणपत्र भरून तो परत मिळवता येतो, आणि कितीतरी मुली कंटाळा करून तो तसाच सोडून देतात. माझे पहिले मानधन दिवसाला दीड हजार होते, त्यातून कोऑर्डिनेटरचा पाचवा हिस्सा गेला आणि उरलेले चौथ्या महिन्यात मिळाले. तोवर अंधेरीतल्या खोलीचे भाडे मी मैत्रिणीकडून उसने घेऊन भरले होते. एका निर्मात्याने तर माझ्या तीन दिवसांच्या कामाचे पैसे कधीच दिले नाहीत, आणि माझ्याकडे वहीतल्या नोंदीपलीकडे, तारखा व रक्कम त्याने लिहून दिलेला एकही कागद नसल्यामुळे मला कुठे दादही मागता आली नाही. म्हणून जाण्याआधी दर, दिवस, कमिशन आणि पैसे मिळण्याची मुदत हे चारही मुद्दे संदेशात लिहून मागा आणि तो संदेश पुसू नका.

सुरक्षिततेबद्दल आईंना सांगा की, कामाच्या ठिकाणी होणाऱ्या लैंगिक छळाविरुद्धचा २०१३ चा कायदा रोजंदारीवर आलेल्या स्त्रीलाही लागू आहे. दहा किंवा त्याहून अधिक माणसे काम करतात तिथे अंतर्गत समिती असणे बंधनकारक आहे, आणि जिथे ती नसते तिथल्या तक्रारींसाठी जिल्ह्याची स्थानिक समिती असते. अत्याचाराचे दृश्य असेल तर त्यात नेमके काय दाखवणार, अंगावर कोणते कपडे असणार आणि सेटवर कोण असणार, हे आदल्या दिवशी विचारण्याचा तुम्हाला पूर्ण अधिकार आहे. मी विचारत असे, आणि एकदा त्यापायी काम गेले. त्याचे दुःख नाही. आणखी एक गोष्ट. अशा कथांत नावे, गाव, नातीगोती बदललेली असतात त्याला कायद्याचेही कारण आहे. बलात्कारपीडितेची ओळख उघड करणे हा पूर्वी भारतीय दंड संहितेच्या कलम २२८अ खाली गुन्हा होता, आणि १ जुलै २०२४ पासून तो भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ खाली आहे. म्हणून तुम्हाला खरी घटना कोणती ते ठाऊक झाले, तरी गावात येऊन ‘ती अमुक गावची केस होती’ असे सांगत बसू नका.

गावाचा विषय निघालाच आहे तर सांगते. माझा एक भाग लागला, त्यात मी दिराशी संगनमत करून नवऱ्याला विहिरीत ढकलते. त्या आठवड्यात फैजपूरहून आलेले एक स्थळ परत गेले. मुलाच्या मावशींनी माझ्या आईला फोनवर स्वच्छ सांगितले, ‘बाई, पोरगी चांगलीच असेल, पण ते मनातून जात नाही.’ आईला वाईट वाटले; मला, खरे सांगायचे तर, आधी अभिमान वाटला आणि वाईट दोन दिवसांनी वाटले. तुमच्या घरी अशी वेळ येईल असे गृहीत धरा आणि भाग लागण्याआधीच काका, मामा, आत्या यांना भूमिका काय आहे ते तुम्ही स्वतः सांगून टाका. शेजारून कळण्यापेक्षा ते बरे.

मग करिअर होते का? निव्वळ पाहुण्या भूमिकांवर बारा महिन्यांचा संसार चालवणाऱ्या बायका मी पाहिल्या आहेत, पण त्या मुंबईत स्वतःच्या घरात राहणाऱ्या होत्या, आणि त्यांतल्याही बहुतेकींचे दुसरे काहीतरी चालू होते. अमळनेरहून जाऊन भाड्याच्या खोलीत राहून ते जमेल, असे मी तुम्हाला सांगणार नाही. मात्र आमच्या वेळी ऑडिशनसाठी मुंबईतल्या आरामनगरच्या गल्ल्यांत दिवस दिवस उभे राहावे लागे, आणि आता पुष्कळ ठिकाणी पहिली चाचणी फोनवर चित्रित करून पाठवता येते. तेव्हा शिक्षण किंवा नोकरी न सोडता दोन वर्षे अमळनेरहूनच कामे मिळवून पाहा. खिडकीकडे तोंड करून उभ्या राहा, फोन आडवा ठेवा, दोन्ही बाजूंचा चेहरा दाखवा, आणि पंखा बंद करा. मे महिन्यात आपल्याकडे पंखा बंद करणे म्हणजे काय, ते मला ठाऊक आहे. तरीही बंद करा, कारण त्याच्या घरघरीत संवाद बुडाला तर पुढचे कोणी ऐकत नाही.

हे दोन दिवसांचे काम पैसे न भरता मिळत असेल तर जरूर घ्या. पहिल्या वेळी आईंना बरोबर न्या. त्याची लाज वाटू देऊ नका, सेटवर कोणालाही त्याचे काही वाटत नाही. चित्रीकरण मीरा रोड, नायगाव किंवा गोरेगावच्या बाजूला असेल, तर नंदुरबार-सुरतमार्गे बोरिवलीला थांबणारी गाडी सोयीची पडते, मात्र तुमच्या तारखेला ती आहे का ते आधी पाहा. नाहीतर जळगावहून रात्रीच्या गाडीने दादर आणि तिथून लोकल. कामाच्या आदल्या दिवशी दुपारपर्यंत पोहोचा आणि मुक्काम नातेवाइकांकडे असेल तरी सेटपासूनचे अंतर आधी विचारा. परतीचे तिकीट दुसऱ्या दिवशी रात्रीचे काढू नका. पॅकअप नऊला सांगतात आणि साडेअकराला होतो, आणि तुमचा क्लोज, मघाशी म्हटले तसे, सर्वांत शेवटी लागतो. तिकीट तिसऱ्या दिवशी दुपारचे काढा.